रात, रात्र आणि रत्ति



मी काही भाषापंडित नव्हे. गिरणीच्या साळखात्यात सांचे चालवलेला माणूस. शाळा अर्ध्यावर सुटली आणि पुढचे वाचन झाले ते फुकट वाचनालयात आणि रद्दीच्या दुकानात. स्मरणिकेसाठी इतिहासावर काहीतरी लिहून द्या, असे मंडळींनी सांगितले तेव्हा लढाया आणि राजे सोडून मी एक लहानसा शब्द घेतला. तो शब्द म्हणजे 'रात'.

आता कोणी म्हणेल, रातीला कसला आलाय इतिहास? दिवस मावळला की रात झाली. पण शब्दालाही आईबाप असतात, गाव असते, त्यानेही प्रवास केलेला असतो. शिवाय या शब्दाच्या बाबतीत एक जुना गैरसमज आपल्या डोक्यात पक्का बसवला गेला आहे. तो असा, की 'रात्र' हा शुद्ध शब्द आणि 'रात' हा त्याचा अडाणी माणसाने केलेला अपभ्रंश. जिभेला वळण नाही म्हणून 'त्र' उच्चारता आला नाही आणि 'त' राहिला! हे खरे आहे का, एवढेच आपल्याला तपासायचे आहे.

सुरुवात जुन्यापासून करू. ऋग्वेदात रात्रीसाठी एक नव्हे, अनेक शब्द आहेत. त्यातले दोन आपल्या कामाचे. एक 'नक्त' आणि दुसरा 'रात्री'. यातला 'नक्त' हा फार जुना आणि फार दूरवर पसरलेला. इंग्रजीतला 'नाइट', जर्मनमधला 'नाख्ट', लॅटिनमधला 'नॉक्स' हे सगळे त्याचे भाऊबंद आहेत. म्हणजे ज्या काळी या भाषांची पूर्वज भाषा एक होती, त्या काळचा हा शब्द. पण गंमत पाहा, ज्याचे गोत एवढे मोठे तो 'नक्त' आपल्या देशात रोजच्या बोलण्यात टिकला नाही. मराठीत तो उरला आहे फक्त दिवसभर उपाशी राहून रात्री जेवण्याच्या 'नक्त' व्रतात, आणि पोथ्यांतल्या 'नक्तंचर' अशा शब्दांत. त्याची जागा 'रात्री'ने घेतली. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात १२७ वे सूक्त रात्रीवरच आहे, त्याला रात्रीसूक्त म्हणतात. तिथे रात्र ही देवी आहे.

'रात्री' हा शब्द आला कुठून? यास्क नावाचा वैदिक शब्दांचा जुना अर्थ सांगणारा झाला. त्याच्या 'निरुक्त' या ग्रंथात दोन उत्तरे आहेत. एक 'रम्' या धातूपासून : रात्र ही निशाचर प्राण्यांना रमवते आणि बाकीच्यांना विश्रांतीला लावते, थांबवते. दुसरे 'रा' म्हणजे देणे या धातूपासून : रात्री दंव पडते, ते रात्रीने दिलेले दान होय. दोन्ही कल्पना सुंदर आहेत. पण एकाच माणसाने एकाच शब्दाची दोन मुळे सांगावीत, याचा अर्थ त्याच्या काळातही नक्की काय ते कुणी ठरवू शकत नव्हते. आजच्या भाषाशास्त्रज्ञांचेही यावर एकमत नाही. असो. मूळ कुठलेही असो, शब्दाची पुढची वाटचाल मात्र स्वच्छ दिसते आणि ती दगडावर लिहिलेली आहे.

वेद हे हजारो वर्षे तोंडपाठ चालत आले, लिहिले गेले फार उशिरा. आपल्या देशात दगडावर कोरलेले आणि आज नीट वाचता येणारे जुने लेख म्हणजे सम्राट अशोकाचे, इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकातले. त्यांची ब्राह्मी लिपी जेम्स प्रिन्सेपने १८३७ साली उलगडली. बिहारमध्ये सासाराम गावाजवळच्या डोंगरात अशोकाचा एक लघुशिलालेख आहे. याच मजकुराचे लेख मध्य प्रदेशात रूपनाथला, कर्नाटकात ब्रह्मगिरीला आणि इतर ठिकाणीही आहेत. त्यांच्या शेवटी २५६ असा एक आकडा येतो. हे २५६ म्हणजे काय, यावर पंडितांनी डोकेफोड केली. ब्यूलर या जर्मन विद्वानाला वाटले की ही बुद्धाच्या महापरिनिर्वाणानंतरची २५६ वर्षे असावीत. तसे ठरले असते तर बुद्धाचा काळच त्या आकड्यावरून मोजला गेला असता. पण सासारामच्या लेखात त्या आकड्याबरोबर एक शब्द आहे : 'लाति'. टॉमस या इंग्रज अभ्यासकाने १९१० साली दाखवून दिले, की 'लाति' म्हणजे 'राति', म्हणजेच रात. मगधाकडच्या बोलीत 'र'चा 'ल' होत असे. तिकडे राजालासुद्धा 'लाजा' म्हणत, आणि अशोकाने स्वतःसाठीही तोच शब्द कोरविला आहे. तेव्हा ती २५६ वर्षे नव्हेत, तर २५६ राती. राजा घराबाहेर, प्रवासात काढलेल्या रातींचा हिशेब सांगत होता, असाच अर्थ पुढे बहुतेक अभ्यासकांनी धरला.

यातून दोन गोष्टी समजतात. पहिली, एका साध्या शब्दाचा अर्थ नीट लागला म्हणून इतिहासातली एक मोठी चूक टळली. दुसरी आपल्या विषयाची. सम्राटाच्या राजशासनात कोरलेल्या रातीला 'त्र' नाही! सव्वादोन हजार वर्षांपूर्वी 'त्र' न लावता 'लाति' म्हणणारा माणूस अडाणी नव्हता, तो साऱ्या देशाला धम्म सांगणारा चक्रवर्ती राजा होता. आणि लोकांना समजावे म्हणून त्याने लोकांच्या बोलीत लिहविले.

आता पालीकडे येऊ. पालीत रातीला 'रत्ति' म्हणतात. पाली वाङ्मयात या शब्दाचा संसार फार मोठा आहे. 'दीघरत्त' हा शब्द सुत्तांमध्ये वारंवार येतो. त्याचा शब्दशः अर्थ लांब रात, पण वापरायचा अर्थ 'पुष्कळ काळपर्यंत'. म्हणजे काळ मोजायचा तो रातींनी. तसाच 'रत्तञ्ञू' हा शब्द. शब्दशः अर्थ 'राती जाणणारा', म्हणजे ज्याने पुष्कळ राती पाहिल्या तो, अनुभवी, दीर्घकाळचा भिक्खू. अंगुत्तर निकायात भगवंतांनी वेगवेगळ्या गुणांत अग्र असलेल्या शिष्यांची नावे सांगितली आहेत. तिथे रत्तञ्ञू भिक्खूंमध्ये अग्र कोण, तर अञ्ञा कोण्डञ्ञ, पंचवर्गीय भिक्खूंपैकी ज्याला धम्म सर्वांत आधी उमगला तो. आपल्याकडे म्हाताऱ्या माणसाला 'चार पावसाळे जास्त पाहिलेला' म्हणतात ना, तसेच हे. तिथे पावसाळे, इथे राती.

रातींनी काळ मोजण्याची ही रीत एकट्या पालीची नाही. संस्कृतात त्रिरात्र, पंचरात्र असे शब्द आहेत. आपल्याकडे नवरात्र म्हणतात, त्यात मोजल्या जातात त्या राती, पण दिवसही त्यातच आले. रोमन इतिहासकार टॅसिटस याने इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या अखेरीस लिहून ठेवले आहे, की जर्मन टोळ्या दिवस मोजत नाहीत, राती मोजतात. इंग्रजीत पंधरवड्याला 'फोर्टनाइट' म्हणतात, म्हणजे चौदा राती. याचे कारण उघड आहे. चंद्राची कला वाढते आणि घटते ती रात्री दिसते. घड्याळ नाही, कॅलेंडर नाही, अशा माणसाचे कॅलेंडर आभाळात रोज रात्री टांगलेले असे.

रातीचे भागही पाडलेले होते. पालीत तीन 'याम' : पठम याम, मज्झिम याम आणि पच्छिम याम. बोधिवृक्षाखालच्या त्या रातीत पहिल्या यामात पूर्वजन्मांची स्मृती, मधल्या यामात प्राण्यांच्या जन्ममरणाचे ज्ञान आणि शेवटच्या यामात आस्रवांचा क्षय, असा क्रम सुत्तांत दिला आहे. संस्कृत अमरकोशात रात्रीला 'त्रियामा' असे एक नाव आहे, ते या तीन यामांवरूनच. 'यामिनी'ही त्यातलेच. पुढे दिवसाचे चार आणि रातीचे चार असे आठ प्रहर रूढ झाले.

आज विजेच्या दिव्यांत आपल्याला रात म्हणजे काय ते कळत नाही. त्या काळची रात कशी होती हे पाहायचे असेल तर मज्झिम निकायातील लटुकिकोपम सुत्त वाचावे. त्यात उदायी नावाचा भिक्खू जुनी आठवण सांगतो. भिक्खूंना रात्रीच्या जेवणाची मनाई होण्यापूर्वी ते काळोखात भिक्षेला जात. कोणी घाणीच्या खड्ड्यात पडे, कोणी काटेरी झुडपात शिरे, कोणी झोपलेल्या गाईवर आपटे, कुणाची चोरांशी गाठ पडे. एकदा एक बाई रात्री भांडे धूत होती. वीज चमकली तेव्हा तिला समोर उदायी उभा दिसला आणि ती भूत समजून किंचाळली. भिक्खू आहे कळल्यावर तिने त्याला चांगलेच फैलावर घेतले. रातीच्या जेवणापासून दूर राहणाऱ्यासाठी पालीत 'रत्तूपरत' असा शब्दच आहे. नियमामागे नुसते व्रत नव्हते, काळोखाचा हा साधा व्यवहारही होता.

इथे आणखी एका शब्दाची आठवण करून देणे जरूरीचे वाटते. अशोकाच्या त्याच लेखात रात काढण्यासाठी जो शब्द आहे तो 'वस्' या धातूचा. 'वस्' म्हणजे राहणे, पण त्याचा मूळ अर्थ रात काढणे असा आहे. दिवसा माणूस कुठेही हिंडेल, रात जिथे काढील ते त्याचे घर. आपल्या मराठीत हा अर्थ अजून जिवंत आहे. खेड्यात पाहुण्याला 'आज वस्तीला राहा' म्हणतात, म्हणजे रातीला मुक्काम करा. एस.टी.ची 'वस्तीची गाडी' म्हणजे रात्री गावात मुक्कामाला थांबणारी गाडी. 'उपोसथ' हा शब्ददेखील 'उप' अधिक 'वस्' असाच झाला आहे. आणि ज्याला आपण वस्ती म्हणतो, गावकुसाबाहेरची असो की शहरातली, तिचाही धातू तोच. वस्ती म्हणजे जिथे दमला-भागला माणूस रातीला परत येतो ती जागा. हा शब्द हिणकस नाही, हे ध्यानात ठेवावे.

आता मुख्य मुद्दा. 'रत्ति'ची 'रात' कशी झाली? हे कुणाच्या जिभेच्या आळसाने झालेले नाही, ते एका नियमाने झाले आहे. प्राकृतात जिथे जोडाक्षर होते, तिथे मराठीत येताना जोड सुटली आणि आधीचा स्वर लांब झाला. विहारात पाली कानावर पडते, तेव्हा आपल्या वाचकांना हे लगेच पटेल. पाहा :

हत्थ – हात
सत्त – सात
अट्ठ – आठ
भत्त – भात
कम्म – काम
कण्ण – कान
अग्गि – आग
अज्ज – आज
दुद्ध – दूध
रत्ति – रात

नियम एकच आणि शब्द शेकड्यांनी. 'हात' म्हटले तर कुणी अशुद्ध म्हणत नाही, 'हस्त' म्हण असे सांगत नाही. 'सात' म्हटले तर 'सप्त' म्हण असा आग्रह कुणी धरत नाही. मग एकट्या 'राती'नेच काय गुन्हा केला? ती हात, सात आणि भात यांच्याच घरची आहे, एकाच वाटेने आलेली आहे. मराठीचा हा सगळा प्रवास ज्यूल ब्लॉक या फ्रेंच पंडिताने १९२० साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात नियमवार दाखवून दिला आहे. त्याचे मराठी भाषांतरही झालेले आहे. ज्यांना सवड असेल त्यांनी ते मिळवून वाचावे.

मात्र इथे आपल्याच माणसांना एक गोष्ट सांगितली पाहिजे. आपल्यातले काहीजण भाषणात ठोकून देतात, की पाली ही मराठीची आई. ऐकायला बरे वाटते, टाळ्याही पडतात, पण ते तसे नाही. पाली ही मराठीची मावशी म्हणा. मराठी आली ती महाराष्ट्री प्राकृताच्या घराण्यातून. सातवाहन राजा हालाच्या नावावर असलेली 'गाहा सत्तसई' या महाराष्ट्री प्राकृतातली आहे आणि त्या भाषेतही 'रत्ति' हाच शब्द आहे, जोडीला 'राई' असेही त्याचे रूप आहे. आपली बाजू खरी असताना तिला खोट्याचा टेकू कशाला द्यायचा? जे आहे तेच पुरेसे आहे.

ही 'रात' किती लांब गेली ते पाहिले तर मन थक्क होते. कोकणीत रात, गुजरातीत रात, हिंदी, पंजाबी, नेपाळी, बंगालीत रात, असमिया आणि ओडियात राति. सिंहली भाषेत ती 'रॅ' झाली. आणि युरोपात जे रोमा लोक आहेत, ज्यांना तिकडे जिप्सी म्हणून हिणवतात, त्यांचे पूर्वज सुमारे हजार वर्षांपूर्वी आपल्या देशातून बाहेर पडले. त्यांच्या रोमानी भाषेत अजूनही रातीला 'रात' म्हणतात, सापाला 'साप' आणि कानाला 'कान'. त्यांच्या तिथे येण्याचा लेखी इतिहास त्यांनी स्वतः ठेवला नव्हता. ते भारतातले आहेत हे सिद्ध झाले ते अशा शब्दांवरून. दुसऱ्या महायुद्धात हिटलरच्या राजवटीने या लोकांची लाखांनी कत्तल केली. तरीही त्यांच्या तोंडची 'रात' राहिली. ज्याच्याजवळ जमीन नाही, ताम्रपट नाही, त्याचा दाखला त्याच्या बोलीत असतो तो असा.

मग 'रात्र' कुठून आली? ती पोथीतून आली. संस्कृत 'रात्रि' हा शब्द शिकल्या-सवरल्या माणसांनी पुन्हा उचलून मराठीत ठेवला. तो आला हे वाईट झाले असे नाही. पण त्याला मूळचा आणि 'राती'ला त्याची बिघडलेली लेक म्हणणे हे उलटे आहे. घरात आधी 'रात' होती, 'रात्र' मागून आलेली. आणि तिलाही मराठीने जसेच्या तसे ठेवले नाही. संस्कृतात सुटा शब्द 'रात्रि' असा आहे, शेवटी इकार आहे. 'अहोरात्र', 'नवरात्र' अशा समासाच्या शेपटालाच तो 'रात्र' होतो. म्हणजे 'रात्र' म्हणणाऱ्यानेसुद्धा शेवटचा इकार गाळलाच! मग शुद्ध कोण आणि अशुद्ध कोण? मोल्सवर्थच्या १८५७ सालच्या कोशात 'रात' आणि 'रात्र' दोन्ही शब्द शेजारी-शेजारी नांदतात. भांडण लावले ते पुढे शाळेतल्या लाल शाईने. मी स्वतः लहानपणी निबंधात 'रात झाली' लिहिले तेव्हा मास्तरांनी त्या शब्दावर काट मारून सगळ्या वर्गासमोर 'ही तुमच्या वस्तीतली भाषा' असे म्हटले होते. त्यांना 'वस्ती'चाही अर्थ ठाऊक नव्हता आणि 'राती'चाही. असे शब्द ऐकून किती मुले वर्गात बोलायची बंद झाली असतील, आणि बोलायची बंद झालेली किती शाळा सोडून गेली असतील, याचा हिशेब कुणी केलेला नाही.

तसे पाहिले तर 'राती'शिवाय मराठीचे पान हलत नाही. रातराणी, रातकिडा, रातवा पक्षी, रातांधळा, रातोरात, रात थोडी सोंगं फार. इथे कुणी 'रात्रराणी' म्हणून दाखवावे! गिरणीत आम्ही 'रातपाळी' म्हणत होतो. ऑफिसच्या नोटीशीत 'रात्रपाळी' असायची. दोन्हीचा अर्थ एकच आणि जागरणही एकच. पूर्वी गिरण्या उजेडावर चालत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मुंबईच्या गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि कामाचे तास अंधार पडल्यावरही वाढत गेले. १९११ च्या कायद्याने कापड गिरण्यांतल्या पुरुष कामगाराला दिवसाला बारा तासांची मर्यादा घातली, १९२२ ला ती अकरावर आली, १९३४ ला दहावर. बाबासाहेब आंबेडकर व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात १९४२ ते १९४६ मजूरमंत्री होते, आणि आठवड्याला ४८ तासांची दुरुस्ती झाली ती १९४६ ची. भगवंतांच्या काळी रातीचे तीन याम होते ते ध्यानाचे आणि विश्रांतीचे. यंत्राने ते कामाला जुंपले. कामगाराला त्याची रात थोडी तरी परत मिळवून द्यायला कायदे करावे लागले.

याच रातीचा दुसराही उपयोग झाला, तो विसरून चालणार नाही. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८५५ साली पुण्यात आपल्या घरी शेतकरी-मजुरांसाठी रात्रशाळा काढली. दिवस मालकाचा, तेव्हा शिकायला उरली ती रात. पुढे मुंबईतल्या रात्रशाळांत कितीतरी गिरणी कामगार आणि त्यांची पोरे शिकली. त्या शाळेच्या पाटीवर 'रात्रशाळा' लिहिलेले असे आणि माणसे 'रातच्या शाळेला जातो' म्हणत. पाटी आणि बोली यांचे तिथे भांडण नव्हते. हेच मला योग्य वाटते. लिहिताना कुणी 'रात्र' लिहिली तर जरूर लिहावी, तोही आता आपलाच शब्द आहे. पण आपल्या आईच्या, आजीच्या तोंडची 'रात' ऐकून कुणी हसले, तर खाली मान घालू नये.

आपल्या विहारात रविवारी मुलांचे वर्ग भरतात. शिकवणाऱ्या भगिनींना आणि तरुणांना माझी विनंती आहे. मुलांना वंदनेतले पाली शब्द पाठ करायला लावताना त्यांना हत्थ–हात, सत्त–सात, रत्ति–रात ही यादी फळ्यावर लिहून दाखवा. घरून असे आणखी दहा शब्द शोधून आणायला सांगा. आजीला विचारून आणा म्हणावे. ती आणेल ते शब्द शाळेच्या पुस्तकात नसतील कदाचित, पण ते दगडावर कोरलेल्या शब्दांच्या भाऊबंदातले निघतील.